सहा घरांनी साठ घरांचं गाव कसं चालवायचं?

नमस्कार. तुमचा प्रश्न आधी थोडक्यात मांडतो, म्हणजे इतर वाचणाऱ्यांनाही संदर्भ लागेल. डोंगरातल्या तुमच्या गावात कधीकाळी साठेक घरं नांदत होती, आज सहा उघडी आहेत. नऊ माणसं राहतात, त्यातली सात पासष्टीच्या पुढची. झऱ्यावरून पाइपने येणारं पाणी महिन्यातून दोनदा बंद पडतं आणि कधी कधी आपोआप सुरू होतं. गाडीरस्त्यापासूनची तीन किलोमीटरची पायवाट दोन ठिकाणी खचली आहे. बंद घरांपैकी एकाचं छप्पर यंदा आत बसलं. नोकरीनिमित्त बाहेर असलेली तुम्ही मंडळी थोडे पैसे जमवू शकता आणि विचारता आहात की ते आधी कशावर घालावेत: नवी पाइपलाइन, वाट की घरं?

पैसे लागतीलच. पण तुम्ही लिहिलेलं वाचून मला खरी टंचाई हातांची दिसते. पाइप, वाट, बांध, चर हे सगळं साठ घरांनी घरटी एक माणूस देऊन उभं केलं आणि त्याच हिशेबाने चालवलं. घरं कमी झाली तरी पाइपची आणि वाटेची लांबी तेवढीच राहिली. जपानमध्ये अशा वस्तीला 'गेन्काई शूराकु' म्हणतात, म्हणजे साधारण 'शेवटच्या मर्यादेवर आलेली वस्ती'. समाजशास्त्रज्ञ अकिरा ओनो यांनी हा शब्द मांडला तेव्हा त्याच्या दोन खुणा सांगितल्या: निम्म्याहून जास्त माणसं ६५ च्या पुढची, आणि सामाईक कामं चालवणं अवघड झालेलं. पहिली खूण तुमच्या हातात नाही. दुसरीबाबत मात्र बरंच करता येतं. माणसं वाढवता येत नसतील तर सामाईक काम कमी करायचं, आणि ते नेमकं कुठून कमी करायचं हे शांतपणे बसून ठरवायचं. ठरवलं नाही तर पाऊस ठरवतो, आणि तो तुमची सोय बघत नाही.

म्हणून एक पैसाही खर्च करण्याआधी कागदावर मनुष्यदिवस मांडा. डाव्या बाजूला वर्षभरात करावी लागणारी सामाईक कामं, उजव्या बाजूला खरोखर मिळणारे हात. नमुन्यादाखल आकडे घ्या: पाण्याच्या व्यवस्थेला २६ दिवस, वाटेला ३०, गावातल्या चरांना १२, बांधांना २०, झाडोरा काढायला २५. बेरीज ११३. नऊ माणसांपैकी कुदळ-फावडं धरू शकणारी तिघं आणि प्रत्येकाचा महिन्याला एक दिवस धरला तर ३६. बाहेरची आठ माणसं वर्षातून दोन दिवस आली तर १६. एकूण ५२, म्हणजे निम्म्याहूनही कमी. तुमचे आकडे वेगळे असतील, पण उजवी बाजू मांडताना मन घट्ट ठेवा. सत्तरीतल्या माणसाचा पूर्ण दिवस धरू नका आणि 'येतो' म्हणणाऱ्यांतले निम्मेच धरा. पुढे मी जे जे सुचवतो आहे त्याला एकच कसोटी लावली आहे: यामुळे डाव्या बाजूचे दिवस कमी होतात का?

काही गोष्टी तुमच्या जागेवर अवलंबून आहेत. तिथे पाणी गोठतं की मुसळधार पाऊस हा मुख्य त्रास आहे, खडक कोणता, घरं एकमेकांना चिकटून आहेत की सुटी, पडीक जमिनींचे मालक सापडतात का, यावर तपशील बदलतील. जिथे फरक पडतो तिथे तसं सांगतो.

पाण्यापासून सुरुवात करा. वाट खचली तर माणसं दिवस काढतात, पाणी तुटलं की आठवड्यात घर सोडावं लागतं. नवी पाइपलाइन मात्र लगेच घेऊ नका. आधी एक बादली आणि घड्याळ घ्या.

दहा लिटरची बादली तीन ठिकाणी भरून वेळ मोजायचा: झऱ्याच्या तोंडाशी, गावातल्या टाकीत पाणी पडतं तिथे, आणि सगळ्यात खालच्या घराच्या तोटीला. प्रत्येक ठिकाणी तीनदा मोजून सरासरी घ्या, आणि वर्षातल्या सगळ्यात कोरड्या महिन्यात हे पुन्हा करा. बादली ५० सेकंदांत भरली तर मिनिटाला १२ लिटर, म्हणजे दिवसाला १७,२८० लिटर. अगदी मिनिटाला एक लिटर आलं तरी दिवसाचे १,४४० लिटर होतात. नऊ माणसांना प्रत्येकी ५० लिटर धरले तर ४५० लिटर लागतात, चार-पाच जनावरं असतील तर आणखी दीडशे-दोनशे. झरा आटला असं गावोगाव ऐकू येतं, पण उरलेल्या माणसांना पुरेल एवढं पाणी बहुतेक ठिकाणी येतच असतं. ते वाटेत हरवतं.

कुठे हरवतं हे त्या तीन मापांतूनच कळतं. झऱ्याशी १२ आणि टाकीशी ४ असेल तर दोष वरच्या लाइनमध्ये. दोन्हीकडे १२ आणि तोट्या कोरड्या, तर दोष टाकीच्या खाली. खालच्या भागासाठी रात्रीची चाचणी करा. सगळ्यांनी तोट्या बंद केल्यावर टाकीत येणारं पाणीही बंद करायचं, आतल्या भिंतीवर पाण्याच्या रेषेशी खडूने खूण करायची आणि पहाटे पातळी पाहायची. टाकी ३ मीटर बाय ३ मीटरची असेल आणि रात्रीत पाणी ५ सेंटीमीटर उतरलं असेल, तर ४५० लिटर गेले. म्हणजे नऊ माणसांचं दिवसभराचं पाणी कोणी न वापरता गेलं.

हे जातं बहुतेक बंद घरांच्या फाट्यांतून. घर बंद करताना माणूस तोटी बंद करून जातो, पण मुख्य पाइपपासून त्या तोटीपर्यंतचा फाटा भरलेलाच राहतो. वायसर कुजतो, जुना लोखंडी तुकडा गंजतो, थंडीत पाणी गोठून पाइप फुटतो आणि कुलूपबंद घरात महिनोन्‌महिने कोणाला पत्ता लागत नाही. जोत्यात ओल मुरते ती वेगळीच. उपाय असा की फाटा घराशी बंद न करता मुख्य पाइपवरच्या 'टी'पाशी, म्हणजे फाटा निघतो त्या जोडापाशी, कापायचा आणि तिथे एण्ड कॅप (टोक बंद करणारं टोपण) लावायची. टीच्या जागेवर दगडावर रंगाने खूण करायची, म्हणजे मालक परत आला तर तासाभरात जोडता येईल. पन्नास-बावन्न फाटे बंद करायला दोन माणसांना चार-पाच दिवस लागतील. वर्षभराची गळती शोधण्यातले दिवस त्यातून वाचतात, म्हणून हे काम मी सगळ्यात आधी घेतो.

आता महिन्यातून दोनदा बंद पडणाऱ्या वरच्या लाइनकडे येऊ. ती कशी बंद पडते त्यावरून कारण ओळखता येतं. पाणी हळूहळू कमी होत गेलं आणि पावसानंतर जास्त कमी झालं, तर चाळणीत पानं-मुळं किंवा पाइपात गाळ. थंड रात्रीनंतर एकदम बंद झालं, तर सांधा निसटला. बंद पडून पुन्हा आपोआप सुरू होत असेल, तोटीतून फुसफुस करत पाणी येत असेल, तर पाइपात हवा अडकते आहे. तुमच्या वर्णनावरून मला तिसरी शक्यता जास्त वाटते.

हवा का शिरते ते समजून घ्या, कारण इथेच लोक चुकीच्या जागी पैसे घालतात. जुना पाइप जास्त पाण्यासाठी घेतलेला असतो. झऱ्याचं पाणी कमी झालं की पाइप वाहून नेऊ शकतो त्यापेक्षा येणारं पाणी कमी पडतं. खालचं तोंड मोकळं असल्याने पाइप झऱ्याच्या कुंडातलं पाणी पार ओढून घेतो, तोंड उघडं पडतं आणि पाण्याबरोबर हवा आत जाते. पाइप जमिनीच्या उंचवट्यावरून जातो तिथे ती हवा साठते आणि बुचासारखी बसते. उपाय एका व्हॉल्व्हचा आहे, आणि तो खालच्या टोकाला, टाकीत पाणी पडतं तिथे बसवायचा. तो इतका आवळायचा की वर कुंडाच्या ओव्हरफ्लोमधून करंगळीएवढी धार सतत सांडत राहील. कुंड सांडतं आहे म्हणजे पाइपचं तोंड बुडालेलं आहे आणि हवा शिरत नाही. वर एक माणूस, खाली एक माणूस, दोघांकडे फोन किंवा शिट्टी, तासाभरात बसतं. ऋतू बदलला की पुन्हा जुळवायचं, वर्षातून तीन-चार वेळा.

हाच व्हॉल्व्ह वरच्या टोकाला आवळण्याची चूक फार ठिकाणी दिसते. तसं केलं की खालच्या पाइपात ओढ निर्माण होते आणि जिथे बारीक भोक असेल तिथून हवा, चिखल, जनावरांच्या पायाखालचं पाणी आत खेचलं जातं. पाणी येतं, पण घाण घेऊन येतं.

खाली आवळण्याआधी दाब तपासा. दर १० मीटर उंचीला साधारण एक बार दाब चढतो. पाइप किती बार दाब सोसतो तो 'पीएन' आकडा त्यावर छापलेला असतो. तुमच्या पाइपवर 'पीएन ६' असेल तर तो ६० मीटरपर्यंतच्या उंचीच्या फरकाला ठीक. 'पीएन १०' असेल तर १०० मीटर. झरा टाकीपेक्षा ८० मीटर वर असेल आणि पाइप पीएन ६ चा असेल, तर मध्ये दाब तोडणारी छोटी उघडी टाकी लागेल, नाहीतर तळाचे सांधे उडतील. टाकीखालच्या लाइनलाही हेच लागू आहे. साठ घरं होती तेव्हा कोणाची ना कोणाची तोटी चालू असायची आणि दाब उतरलेला असायचा. आता रात्रभर सगळ्या तोट्या बंद, म्हणजे पाइप पूर्ण दाबाखाली. इतकी वर्षं टिकलेला पाइप घरं कमी झाल्यावरच का फुटायला लागला, हे बऱ्याचदा यातून उलगडतं.

उंचवट्यांवर हवा सोडायला एक-एक छोटी तोटी आणि खोलगट जागी गाळ काढायला वॉशआउट असावा. ऑटोमॅटिक एअर व्हॉल्व्ह चांगला, पण त्यात गाळ अडकतो आणि कोणीतरी तो उघडून साफ करावा लागतो. हात कमी असतील तिथे मी साधी तोटी पसंत करतो.

पाइप उघड्यावर टाकलेला असेल तर आणखी एक गोष्ट. एचडीपीई (प्लास्टिकचा) पाइप ऊन-थंडीने बराच ताणतो-आखडतो. १०० मीटर लांबीत आणि ३० अंशांच्या फरकात हा बदल अर्ध्या मीटरच्या घरात जातो. दुपारी ताणून सरळ जोडलेला पाइप मध्यरात्री आखडतो आणि सगळ्यात कमजोर सांध्यातून बाहेर येतो. म्हणून तो नागमोडी टाकायचा, जोड सकाळच्या थंड वेळी करायचे, आणि शक्य तिथे अर्धा-पाऊण मीटर खोल पुरायचा. पाणी गोठणाऱ्या भागात खोली तिथल्या गोठणाऱ्या थरापेक्षा जास्त हवी.

झऱ्याचं कुंड दुरुस्त करताना मोह होतो की भिंत उंच करून जास्त पाणी साठवावं. करू नका. झऱ्याच्या नैसर्गिक तोंडापेक्षा पाण्याची पातळी वर गेली की उलटा दाब बसतो आणि पाणी दुसरी फट शोधतं. ते पुन्हा जागेवर येईलच याची खात्री नाही. ओव्हरफ्लो झऱ्याच्या तोंडाच्या खालीच ठेवा. घरांकडे जाणाऱ्या पाइपचं तोंड तळापासून १० सेंटीमीटर वर, त्यावर चाळणी. तळाशी गाळाचा वेगळा पाइप. ओव्हरफ्लोला बारीक जाळी. झाकण कडेवरून खाली उतरणारं. कुंडाच्या वरच्या अंगाला ८ ते १० मीटरवर पावसाचं पाणी वळवणारा चर, आणि त्याच्याही वर जनावरं शिरणार नाहीत असं कुंपण. पाऊस पडल्यावर काही तासांत झरा गढूळ होत असेल, तर वरचं पाणी थेट आत शिरतं आहे असं समजा. आधी चर दुरुस्त करा, क्लोरीनचा विचार नंतर. गढूळ पाण्यात क्लोरीन नीट काम करत नाही.

टाकी हा मुद्दाही यातच येतो. तीनशे माणसांसाठी बांधलेली १५,००० लिटरची टाकी असेल आणि वापर दिवसाला ६०० लिटरचा, तर पाणी टाकीत पंचवीस दिवस उभं राहतं. क्लोरीन उडून जातो, शेवाळ धरतं, तळाशी गाळ बसतो आणि साफ करायला तीन माणसं दिवसभर गुंततात. जुन्या टाकीच्या वरच्या अंगाला २,००० लिटरची छोटी टाकी ठेवा. घरांची लाइन तिच्यावर जोडा आणि तिचा ओव्हरफ्लो जुन्या टाकीत सोडा. ते पाणी आग, जनावरं आणि परसबागेसाठी राहील. छोटी टाकी एक माणूस दोन तासांत धुतो. घरांकडे जाणारा पाइपही जुना जाड ठेवू नका. ५० मिलिमीटर आतल्या व्यासाच्या पाइपातून मिनिटाला १२ लिटर जातात तेव्हा वेग सेकंदाला १० सेंटीमीटरच असतो आणि गाळ तळाशी बसतो. २५ मिलिमीटरमध्ये तेच पाणी सेकंदाला ४० सेंटीमीटरने जातं, गाळ पुढे निघतो, आणि घर्षणाने दर १०० मीटरला मीटरभरच उंची खर्ची पडते. सहा घरांना तो भरपूर झाला. पैसे पाइपवर घालायचेच असतील तर ते इथे घाला.

धुतल्यावर निर्जंतुक करायला १,००० लिटर पाण्यात ताजी, ३३ टक्के क्लोरीनची ब्लीचिंग पावडर १५० ग्रॅम. आधी बादलीत कालवून, निवळलेलं पाणी टाकीत ओतायचं, रात्रभर ठेवायचं आणि सकाळी सोडून द्यायचं. ओढ्यात नाही, माळावर. रोजच्या पाण्याला १,००० लिटरला साधारण ६ ग्रॅम, अर्धा तास थांबून. तोटीला लिटरमागे ०.२ ते ०.५ मिलिग्रॅम क्लोरीन उरला पाहिजे. तपासायचा संच स्वस्त आणि सोपा असतो. उघडं पडलेलं पाकीट दोन-तीन महिन्यांत निकामी होतं, म्हणून मोठी गोणी घेऊ नका.

झरा खरंच आटत असेल, म्हणजे कोरड्या महिन्यात मिनिटाला लिटरभरही मिळत नसेल, तर वरच्या उतारावर पाणी मुरवावं लागेल. सिक्कीममध्ये २००८ पासून 'धारा विकास' या नावाने हे काम झालं आहे आणि त्यातला सगळ्यात महत्त्वाचा धडा जागेचा आहे: चर झऱ्याच्या डोक्यावर खणून भागत नाही. खडकाचे थर ज्या बाजूने झऱ्याकडे कललेले असतात तिथे पाणी मुरवावं लागतं, आणि ती जागा डोंगराच्या पलीकडच्या अंगालाही असू शकते. हे ठरवायला भूजलाचा जाणकार एकदा जागेवर आणा.

वाटेबद्दल. गावाला येणाऱ्या तीन-चार वाटा असतील तर एकच निवडा आणि बाकीच्या सोडल्या असं सगळ्यांना स्पष्ट सांगा. निवडताना अंतर बघू नका, आजारी माणसाला उचलून नेता येईल का ते बघा. स्ट्रेचरला सरळ भागात सव्वा मीटर रुंदी लागते, वळणावर त्याहून जास्त. पायऱ्या केल्यात तर उंची १५ सेंटीमीटर आणि पाऊल ३० सेंटीमीटर. वीस-बावीस सेंटीमीटरची पायरी तरुणाला काही वाटत नाही, गुडघे गेलेल्या माणसाला मात्र ती घरात कोंडते.

खचलेल्या दोन जागांवर खालून भराव घालण्याआधी वर बघा. वाट तिच्यावरून वाहणाऱ्या पाण्याने मरते. बहुतेकदा वीस-तीस मीटर अलीकडे चर बुजलेला असतो, पाणी वाटेवर उतरतं, वाटेलाच ओढा समजून पळतं आणि पहिल्या कमजोर जागी खाली उडी मारतं. ते पाणी वळवलं नाही तर नवा भराव पहिल्याच मोठ्या पावसात जाईल. वाटेला आडवे, साधारण ३० ते ४५ अंशांत तिरपे पाणतोड दगड बसवतात. चढ्या उतारावर दर १० ते १५ मीटरला एक. त्यांच्यामागे माती साठते आणि दरवर्षी काढावी लागते. हात कमी असताना मी त्याऐवजी वाटेलाच लांबट, उथळ खोलगट देतो: चार-पाच मीटर लांबीत वाट थोडी खाली उतरून पुन्हा चढते आणि पाणी तिथून कडेला पडतं. करताना मेहनत दुप्पट, पण नंतर फारशी साफसफाई लागत नाही.

बांधांचं काम सगळ्यात अफाट आहे आणि सगळे बांध राखणं तुम्हाला शक्य नाही, हे मान्य करूनच पुढे चला. ज्या बांधाच्या खाली घर, वाट, टाकी किंवा पाइप आहे तेवढेच यादीत घ्या. पण जे सोडाल तेही डोळे मिटून सोडू नका. इटलीतल्या चिंक्वे तेर्रे भागात डोंगर उतारावर शेकडो वर्षांचे दगडी बांध आहेत. माणसं निघून गेल्यावर बरेचसे पडीक झाले, आणि २५ ऑक्टोबर २०११ च्या अतिवृष्टीत वेर्नात्सा आणि मॉन्तेरोसो या गावांत ओढ्यांबरोबर चिखल-दगडांचा लोंढा उतरला. सोडून दिलेले बांध पाणी धरून ठेवतात आणि मग मातीसकट सुटतात. म्हणून सोडलेल्या बांधाच्या माथ्यावर पाणी तुंबू नये एवढं बघा: वरचा चर मोकळा ठेवायचा आणि त्याचं पाणी पक्क्या नाळीत उतरवायचं.

राखायच्या बांधाला पोट आलं असेल तर मागे पाणी किंवा माती साचली आहे. बाहेरून सिमेंट फासणं हा सगळ्यात वाईट उपाय. पाण्याची वाट बंद होते आणि बांध अख्खा येतो. पोट आलेला भाग दोन्ही बाजूंना अर्धा-अर्धा मीटर जास्त उतरवून पुन्हा रचावा. पाया घट्ट जमिनीपर्यंत, २० ते ३० सेंटीमीटर खोल आणि डोंगराकडे किंचित कललेला. तळाची रुंदी उंचीच्या निम्मी. दर्शनी बाजू दर ६० सेंटीमीटर उंचीला १० सेंटीमीटर आत. दगडाची लांब बाजू भिंतीच्या आत जाईल असा तो बसवायचा, दर चौरस मीटरला एखादा लांब दगड भिंतीत आरपार, आणि सांध्यावर सांधा कधीच नाही. मागची भर बारीक दगडांची, मातीची नाही. नवशिके नेमके इथे घाई करतात, फावड्याने माती लोटतात आणि दोन-तीन पावसांत पुन्हा पोट येतं. दगड हातात घेऊन दाबून बघा: हलतो तो दगड खाली पाचर घातल्याशिवाय सोडायचा नाही. कोरड्या दगडी बांधकामाची कला २०१८ मध्ये युनेस्कोच्या अमूर्त वारशाच्या यादीत गेली, ती युरोपातल्या आठ देशांच्या वतीने. तुमच्या गावात ही कला येणारं एखादं म्हातारं माणूस असेल तर त्यांना दगड उचलायला लावू नका. खुर्चीवर बसवा आणि कुठला दगड कुठे ते सांगू द्या.

बंद घरांचं तुम्हाला सगळ्यात वाईट वाटतं आहे, ते साहजिक आहे. इथे सगळी घरं वाचवण्याचा प्रयत्न केला तर एकही वाचत नाही. घर पडायला छप्परातून सुरुवात होते. एक कौल सरकतं, रीप भिजून कुजते, मग वासा वाकतो, मग आढ्याचा भार भिंतीच्या माथ्यावर तिरका येतो. मातीत रचलेल्या दगडी भिंतीचा माथा दोन-तीन ओले हंगाम भिजला की वरचे थर सुटतात. म्हणून वर्षातून दोनदा, पावसाच्या आधी आणि नंतर, प्रत्येक बंद घराचं छप्पर आतून बघायचं, दिवसा, दिवा न लावता. जिथे उजेडाचा ठिपका दिसतो तिथून पाणी येतं. अर्ध्या तासात कळतं आणि एक कौल बदलून काम भागतं.

घरांच्या तीन याद्या करा. उघड्या घरांना भिंत लागून असलेली किंवा त्यांच्यावर पडू शकणारी बंद घरं पहिल्या यादीत. त्यांची छपरं राखायचीच, मालक असो वा नसो. मालक वर्षातून एकदा तरी येतात ती दुसऱ्या यादीत. दुरुस्ती मालकाने करायची, पाहणी गावाने. बाकीची तिसऱ्या यादीत, आणि त्यांच्याबद्दल माझा सल्ला ऐकायला कठोर आहे: मालकाची लेखी संमती घेऊन छप्पर नीट उतरवा. कौलं, वासे, तुळया रचून झाकून ठेवा, ती पहिल्या यादीतल्या घरांना उपयोगी पडतील. भिंतींच्या माथ्यावर चुन्यात बसवलेला दगडांचा थर द्या. उतरवलेल्या घराच्या भिंती अनेक वर्षं उभ्या राहतात आणि कोणी परत आलं तर त्यावर छप्पर चढवता येतं. आपोआप कोसळलेल्या घराचा फक्त ढिगारा होतो, आणि तो शेजारच्या जोत्यात पाणी मुरवतो. बंद घरात समोरासमोरची दोन झरोकी जाळी लावून उघडी ठेवा, वीज मुख्य जागी तोडा, आणि माती-दगडाच्या भिंतीला सिमेंटचा गिलावा देऊ नका. ओल आत कोंडते.

झाडोरा आणि आग यावर थोडक्यात. उघड्या घरांना लागून दीड मीटर पट्ट्यात पेटेल असं काही नको, सरपणाचा ढीगही नाही. त्यापुढे ३० मीटरपर्यंत गवत आखूड आणि झुडपं विरळ ठेवा. साठ घरांभोवती हे होणार नाही, सहांभोवती होईल. शेळ्या असतील तर काम निम्मं होतं.

माणूस आजारी पडला तर काय, हेही आजच ठरवा. स्ट्रेचर एका वेळी चौघं उचलतात आणि डोंगरवाटेवर दर दोन-तीनशे मीटरला बदली लागते, म्हणजे किमान आठ धडधाकट माणसं. ती गावात नाहीत. खालच्या वस्तीशी आधीच बोलून ठेवा, फोन नंबर भिंतीवर मोठ्या अक्षरांत लिहा, प्रत्येकाच्या औषधांचा कागद दाराच्या आत लावा आणि तीन आठवड्यांची औषधं हाताशी ठेवा. रेंज जिथे मिळते त्या जागेपर्यंत अंधारातही जाता येईल अशी वाट आणि तिथे बसायला एक दगड, एवढं केलं तरी फरक पडतो.

बाहेरच्या मंडळींकडून पैशाआधी तारखा मागा. पावसाआधीचे दोन दिवस आणि पावसानंतरचे दोन दिवस, वर्षभर आधी ठरलेले. सुट्टीत आलेली माणसं दिसणारं काम उचलतात, रंग लावतात, फलक बसवतात, आणि चर बुजलेलाच राहतो. म्हणून येण्याआधी यादी, हत्यारं आणि दगडांचे ढीग जागेवर तयार ठेवा, म्हणजे सकाळी आठला काम सुरू होईल.

क्रम असा धरा. पहिल्या महिन्यात तीन मापं आणि मनुष्यदिवसांचा कागद. मग फाटे कापणं आणि खालचा व्हॉल्व्ह. पावसाआधी वाटेच्या वरचे चर आणि पहिल्या यादीतली छपरं. छोटी टाकी आणि २५ मिलिमीटरची लाइन पुढच्या कोरड्या हंगामात. बांध सगळ्यांत शेवटी, दरवर्षी दोन-तीन मीटर.

या सगळ्याच्या आधी मात्र एक दिवस असा काढा. पाइप जमिनीखालून कुठून जातो, जुने व्हॉल्व्ह कुठे गाडले गेलेत, कुठल्या बांधामागे नाळ आहे, हे ज्या एका-दोघांना माहीत आहे त्यांच्याबरोबर ती लाइन चालत जा. त्यांना चढवत नसेल तर फोनवर व्हिडिओ लावून खालून विचारत जा. प्रत्येक जागेचं अंतर दोन न हलणाऱ्या खुणांपासून टेपने मोजा, म्हणजे एखादा मोठा खडक आणि घराचा कोपरा, आणि वहीत लिहा. फोटोतलं झुडूप पुढच्या वर्षी ओळखू येत नाही, दोन अंतरं मात्र चुकत नाहीत. वहीच्या दोन प्रती करा, एक गावात आणि एक तुमच्याकडे.

मापं घेऊन झाली की तीन ठिकाणचे आकडे, झरा ते टाकी आणि टाकी ते शेवटचं घर यांची लांबी, दोन्हींतला उंचीचा फरक आणि पाइपवर छापलेला पीएन आकडा इथे लिहा. त्यावरून मध्ये दाब तोडणारी टाकी लागते का आणि कुठे, ते नेमकं सांगता येईल.